बडी गायला पंचावन्नाव्या वर्षी यश मिळालं. मग मी आत्ता नोकरी सोडू का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: वय ३४, पुण्यात आयटीत नोकरी, कॉलेजपासून इलेक्ट्रिक गिटारवर ब्लूज, म्हणजे अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांचं गाणं, वाजवताय, घरी भरपूर सराव झालाय. आता बडी गाय या शिकागोच्या ब्लूज गिटारवाल्याबद्दल वाचलंत आणि वाटायला लागलं की याचं खरं नाव पन्नाशीनंतर झालं, म्हणजे आपल्यालाही अजून वेळ आहे. तर राजीनामा देऊन पूर्ण वेळ यातच पडावं का?

मी बरीच वर्षं मुंबई-पुण्यात बँडमध्ये गिटार वाजवतोय, स्टुडिओत दुसऱ्यांच्या गाण्यांवर वाजवतो आणि शिकवतो. त्या अनुभवावरून लिहितोय. नोकरी सोडायची की नाही हे घराचा हप्ता किती, घरात कमावणारे किती, आई-वडिलांची जबाबदारी कुणावर यावर ठरतं, आणि ते तुमचं तुम्हालाच माहीत. पण ज्या माणसाच्या भरवशावर तुम्ही हा विचार करताय त्याचं आयुष्य तुम्ही शेवटाकडून वाचलंय असं मला वाटतं. १९९१ मध्ये, म्हणजे त्याचं नाव झालं त्या वर्षात, उभं राहून मागे पाहिलं तर बडी वाट बघत बसलेला दिसतो. १९५७ पासून पुढे वाचत आलात तर तोच माणूस जवळजवळ रोज रात्री कुणाच्या तरी मागे उभा राहून वाजवताना दिसतो. तुमचा खरा प्रश्न तिथे आहे. तुम्ही एवढं सविस्तर लिहिलंत, अँप (गिटारचा आवाज मोठा करणारा अँप्लिफायर) कुठला, गिटार कुठली, रोज किती तास बसता. पण कुणाबरोबर वाजवता हे कुठेच आलं नाही.

बडीचा जन्म ३० जुलै १९३६ चा, लुइझियानातल्या लेट्सवर्थचा. आई-वडील दुसऱ्याच्या जमिनीवर वाट्यानं शेती करायचे, पोरंही कापूस वेचायला जायची. पहिलं वाद्य त्यानं स्वतःच दोन तारा ताणून बनवलं. नंतर हार्मनी कंपनीची एक साधी अकूस्टिक गिटार मिळाली. पन्नासच्या दशकात तो बॅटन रूजला आला, विद्यापीठात देखभालीचं आणि साफसफाईचं काम धरलं आणि संध्याकाळी गावातल्या बँडमध्ये वाजवायला लागला. तिथेच त्यानं गिटार स्लिम नावाच्या वादकाला पाहिलं. गिटार स्लिम लांबलचक वायर लावून थेट लोकांमधून वाजवत यायचा, कधी कधी तर तो दिसण्याआधी आवाजच ऐकू यायचा. बडीनं ते कायमचं उचललं. आजही त्याच्या कार्यक्रमात तो स्टेज सोडून प्रेक्षकांत फिरतो, त्याचं मूळ तिथे आहे.

२५ सप्टेंबर १९५७ ला तो गाडीनं शिकागोला उतरला. वय २१. ओळखी जवळजवळ नाहीत, खिशातले पैसे काही दिवसांत संपले. पुढची गोष्ट त्यानं स्वतः असंख्य वेळा सांगितली आहे: उपाशी फिरत असताना एका अनोळखी माणसानं त्याला ७०८ क्लबमध्ये नेलं, ओटिस रश हा गिटारवाला तिथे वाजवत होता, बडीला स्टेजवर चढवलं, आणि मग मडी वॉटर्स येऊन त्याला सॅलामीचं सँडविच खाऊ घालून गेला. मडी वॉटर्स म्हणजे त्या शहरातल्या ब्लूजचा सर्वात मोठा माणूस. ही गोष्ट लोक चमत्कारासारखी सांगतात. मला तिच्यात महत्त्वाचं वाटतं ते असं की बडी त्या रात्री तयार होता. बॅटन रूजमध्ये बँडबरोबर वाजवून वाजवून त्याला दुसऱ्याच्या तालात शिरणं येत होतं. अनोळखी ड्रमर, अनोळखी बास, तालीम नाही, कुठल्या पट्टीत चाललंय ते पहिल्या दोन आवर्तनांत ओळखायचं. खोलीत बसून हे येत नाही.

त्यानंतरचा काळ नीट बघा, कारण तुमच्या निर्णयासाठी तोच उपयोगाचा आहे. १९५८ मध्ये कोब्रा या रेकॉर्ड कंपनीशी करार झाला, दोन सिंगल (एकेका गाण्याच्या छोट्या रेकॉर्ड) निघाले, आणि वर्षभरातच कोब्रा बंद पडली. १९६० मध्ये तो चेस रेकॉर्ड्सकडे गेला. तिथे स्वतःच्या नावावर काही गाणी झाली, पण कंपनीला त्याचा उपयोग मुख्यतः साथीदार म्हणून होता. मडी वॉटर्स, हाउलिन वुल्फ, कोको टेलर यांच्या रेकॉर्डिंगवर तो वाजवायचा. क्लबमध्ये तो जसं वाजवायचा, मोठ्या आवाजात, फीडबॅक (अँपचा आवाज गिटारमध्ये परत शिरून होणारी शीळ) घेत, तार ताणून किंचाळायला लावत, तसं रेकॉर्ड करायला कंपनीचा मालक लेनर्ड चेस तयार नव्हता. त्याला तो नुसता गोंगाट वाटायचा. चेसनं त्याच्या नावाचा एकच अख्खा अल्बम काढला, तोही १९६७ मध्ये, तो कंपनीतून बाहेर पडण्याच्या सुमारास. तोवर इंग्लंडची पोरं तोच गोंगाट करून जगभर गाजत होती. बडी सांगतो की नंतर लेनर्ड चेसनं त्या पोरांची रेकॉर्ड त्याला ऐकवली, पाठमोरा वाकून उभा राहिला आणि म्हणाला, मला एक लाथ घाल, तू इतकी वर्षं हेच देत होतास आणि मी ऐकलं नाही.

आणि या सगळ्या काळात, म्हणजे ज्या रेकॉर्डिंगचा आज अभ्यास होतो ती चालू असताना, बडी दिवसा टो-ट्रक चालवत होता. बंद पडलेल्या गाड्या ओढून न्यायच्या, संध्याकाळी घरी, रात्री क्लब. ही माहिती तुमच्या वाचनात आलीच असेल, पण लोक तिच्याकडे हालअपेष्टांची नोंद म्हणून बघतात. मी तिच्याकडे हिशेब म्हणून बघतो. घर ट्रकवर चालत होतं, म्हणून रात्रीचं काम निवडता येत होतं आणि पैसे कमी असले तरी मडीनं बोलावल्यावर जाता येत होतं. हातात पोटापाण्याचं दुसरं काम असलेल्या वादकाला नको ते काम नाकारता येतं. पूर्ण वेळ झालेल्या माझ्या कित्येक मित्रांना ते येत नाही. महिन्याचं भाडं भरायला ते लग्नाच्या संगीतात, हॉटेलच्या लाउंजमध्ये, कॉर्पोरेट पार्टीत वाजवतात. त्यात कमीपणा काहीच नाही, मीही वाजवतो. पण नोकरी सोडून तुम्हाला जे वाजवायचंय ते हे नाही, आणि राजीनाम्यानंतर पहिल्या वर्षात बहुतेक हेच वाट्याला येतं. ब्लूजला वेळ मिळावा म्हणून नोकरी सोडायची आणि मग नोकरीत असतानापेक्षा कमी ब्लूज वाजवायचा, असं होताना मी जवळून पाहिलंय.

आता साथीबद्दल. इथे जरा थांबतो, कारण मला सगळ्यात जास्त याच्याबद्दलच बोलायचं आहे.

१९६३ मध्ये चेसला मडी वॉटर्सचा अकूस्टिक अल्बम करायचा होता. लोकसंगीताची लाट होती, कॉलेजातल्या गोऱ्या पोरांना गावाकडचा जुना ब्लूज हवा होता. बडीच्या सांगण्यानुसार लेनर्ड चेसनं मडीला मिसिसिपीकडचा कुणी जुना म्हातारा वादक आणायला सांगितलं, आणि मडी बडीला घेऊन आला. वय २७, आणि ख्याती सगळ्यात जास्त आवाज करणारा म्हणून. चेस वैतागला. मग त्यांनी वाजवायला सुरुवात केली आणि विषय संपला. ‘फोक सिंगर’ नावानं तो अल्बम १९६४ मध्ये आला. हेडफोन लावून ऐका. मडीची ओळ चालू असताना बडी जवळजवळ नसल्यासारखा आहे. ओळ संपते, मडी श्वास घेतो, तेवढ्या फटीत चार-पाच स्वर येतात आणि पुढची ओळ सुरू व्हायच्या आत मिटतात. आपल्याकडे ठुमरीला साथ करणारा चांगला हार्मोनियमवाला असतो ना, गायिकेनं जागा घेतली की ती हलकेच उचलून धरणारा, तीच समज आहे ही.

बारा बारचा ब्लूज तसाच बांधलेला आहे. बार म्हणजे चार मात्रांचा एक तुकडा. तीन ओळी, प्रत्येकीला चार बार. शब्द साधारण पहिल्या दोन बारमध्ये संपतात, उरलेले दोन गिटारचे. म्हणजे एका आवर्तनात उत्तर द्यायच्या तीन जागा. घरी बॅकिंग ट्रॅकवर (आधीच रेकॉर्ड केलेल्या साथीवर) सराव करणाऱ्यांची अडचण ही की ट्रॅकमध्ये गाणारं कुणी नसतं, त्यामुळे बाराच्या बारा बार आपलेच वाटतात. माझ्याकडे येणारे बहुतेक जण इथे अडकलेले असतात. हात तयार असतो, तारेचा ताण सुरात असतो, वेग असतो. गायक उभा केला की पहिल्याच ओळीवर त्याच्या अंगावर चढतात.

तुमच्यासाठी एक काम. अँपचा आवाज तुम्ही सोलोला ठेवता तेवढाच ठेवा आणि त्याला हात लावू नका. बाकी सगळं गिटारच्या व्हॉल्यूमच्या खुंटीवर करायचं. कुणी गात असताना खुंटी तीन-चारवर, उत्तर देताना सहा-सातवर, सोलोला दहावर, आणि सोलो संपायच्या आधीच्या बारमध्ये परत खाली. स्ट्रॅटोकॅस्टर गिटारवर ती खुंटी करंगळीच्या टप्प्यात असते, त्यामुळे वाजवता वाजवता फिरवता येते. २०११ मध्ये वांद्र्याच्या मेहबूब स्टुडिओत महिंद्रा ब्लूज फेस्टिव्हल सुरू झाला तेव्हा पहिल्याच वर्षी बडी आला होता, पंचाहत्तरीच्या उंबरठ्यावर. बहुतेकांच्या लक्षात राहिलं ते त्याचं लोकांमध्ये फिरणं. मी बघत होतो त्याचा उजवा हात. कानठळ्या बसवणारा एक स्वर, आणि पुढच्याच ओळीला आवाज इतका खाली की मागच्या रांगेतल्यांनाही बोलणं थांबवावं लागावं. ते पायातल्या पेडलवर होत नव्हतं, बोटांवर आणि त्या खुंटीवर होत होतं. क्लबमध्ये, गप्पा मारणाऱ्या गिऱ्हाइकांसमोर, वर्षानुवर्षं उभं राहिल्यावर हे अंगात मुरतं.

सुराचंही तसंच. ए पट्टीत वाजवत असाल तर तिसऱ्या तारेच्या पाचव्या फ्रेटवर कोमल गंधार मिळतो. ब्लूजमध्ये तो जागच्या जागी ठेवत नाहीत, किंचित वर ढकलतात, शुद्ध गंधारापर्यंत मात्र जाऊ देत नाहीत. किती ढकलायचा हे गाणारा त्या दिवशी कुठे लावतोय त्यावर ठरतं. ट्यूनरवर बघून हे जमत नाही. गळ्याशेजारी उभं राहून महिनोन् महिने वाजवलं की जमतं.

ऐकायची दुसरी रेकॉर्ड १९६५ ची, हार्मोनिका वाजवणारा गायक ज्युनियर वेल्स याची ‘हूडू मॅन ब्लूज’. शिकागोच्या डेलमार्क या छोट्या कंपनीनं काढली. बडी चेसच्या करारात असल्यामुळे पहिल्या आवृत्तीवर त्याचं नाव ‘फ्रेंडली चॅप’ असं छापलं होतं. म्हणजे ज्या कामाबद्दल पुढे जगभरचे गिटारवाले त्याचं नाव घेणार होते, त्यावर त्याचं नावच नव्हतं. रेकॉर्डिंगमध्ये त्याचा अँप बिघडला आणि तो दुरुस्त होईपर्यंत गिटार हॅमंड ऑर्गनच्या लेस्ली नावाच्या फिरत्या स्पीकरमधून वाजवली. काही गाण्यांत तो फिरता, पाण्यासारखा आवाज येतो तो त्यामुळे. पण ऐकायचं आहे ते वेगळंच: पियानो नाही, दुसरी गिटार नाही. हार्मोनिका, बास, ड्रम आणि बडी. कॉर्डही त्यानंच भरायची, तालही तोलायचा, उत्तरंही द्यायची. तरी रेकॉर्ड कुठेही गच्च वाटत नाही. तो कधी अर्धीच कॉर्ड लावतो, कधी दोन स्वर, कधी एक अख्खा बार सोडून देतो.

सत्तरच्या दशकात त्यानं आणखी एक गोष्ट केली जिच्याकडे कुणाचं फारसं लक्ष जात नाही. १९७२ मध्ये शिकागोच्या साउथ साइडला, त्रेचाळिसाव्या रस्त्यावर, चेकरबोर्ड लाउंज हा क्लब सुरू केला. १९८१ च्या नोव्हेंबरमध्ये रोलिंग स्टोन्स हा इंग्लंडचा गाजलेला बँड तिथे येऊन मडी वॉटर्सबरोबर वाजवून गेले. ती रात्र सगळ्यांना माहीत असते, पण तिच्या अलीकडच्या-पलीकडच्या साध्या मंगळवार-बुधवारच्या रात्रींनी बडीला टिकवलं. ऐंशीच्या दशकात अमेरिकेत एकाही मोठ्या कंपनीचा करार त्याच्या हातात नव्हता. रेकॉर्ड फारशा निघत नव्हत्या, पण वाजवायला जागा होती. १९८९ मध्ये त्यानं वॉबॅश अ‍ॅव्हेन्यूवर ‘लेजंड्स’ काढला. पुढे जगभर नाव झाल्यावरही तो दर जानेवारीत तिथे येऊन वाजवत राहिला.

मग एरिक क्लॅप्टन या इंग्लंडच्या नावाजलेल्या गिटारवाल्यानं त्याला लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलमधल्या आपल्या मैफलींत बोलावलं, तिथून करार झाला, १९९१ मध्ये ‘डॅम राइट, आय’व्ह गॉट द ब्लूज’ हा अल्बम आला, ग्रॅमी मिळालं. तुम्ही इथून वाचायला सुरुवात केली होती. क्लॅप्टन त्याला साठच्या दशकापासून ओळखत आणि मानत होता, गिटारवादक जिमी हेंड्रिक्स १९६८ मध्ये न्यूयॉर्कला त्याचं वाजवणं टेप करायला येऊन बसला होता. वादकांमध्ये त्याचं नाव तीसेक वर्षं होतंच. १९९१ मध्ये ते रेकॉर्ड विकत घेणाऱ्यांपर्यंत पोचलं. पंचावन्नाव्या वर्षी सुरुवात झाली हा समज मनातून काढून टाका.

एक गोष्ट मात्र स्पष्ट सांगायला हवी: ही वाट आपल्याकडे जशीच्या तशी नाही. शिकागोत बडीसमोर बसलेली माणसं त्याच्यासारखीच दक्षिणेतून पोट भरायला आलेली कृष्णवर्णीय माणसं होती, कत्तलखान्यांत आणि पोलाद कारखान्यांत राबणारी. ब्लूज त्यांचं घरचं गाणं होतं. म्हणून एका शहरात इतके क्लब चालायचे. पुण्यात ब्लूज ऐकायला येणारे प्रेमानं येतात, पण थोडे आहेत. तरीही इथे कुणी उभंच राहिलं नाही असं नाही. शिलाँगचा ‘सोलमेट’ हा ब्लूज बँड बघा, रुडी वालांग आणि टिप्रिटी खारबांगार यांचा. २००३ पासून वाजवतायत, २००७ मध्ये अमेरिकेत मेम्फिसच्या इंटरनॅशनल ब्लूज चॅलेंज या स्पर्धेपर्यंत गेले. त्यांच्यातही तेच दिसेल: गळा पुढे, गिटार त्याला धरून, आणि वर्षानुवर्षं एकत्र वाजवणं.

तर तुमच्या जागी मी असतो तर राजीनाम्याचा विचार वर्षभर बाजूला ठेवला असता. त्या वर्षात एक गाणारा किंवा गाणारी शोधा. ब्लूजच गाणारी हवी असं नाही, सुरात आणि तालात पक्की हवी. एक बास, एक ड्रमर. ड्रमर निवडताना घाई करू नका, शफल (ब्लूजचा झुलता ताल) मनापासून वाजवणारा ड्रमर मिळणं लीड गिटारिस्ट मिळण्यापेक्षा फार अवघड आहे. आठवड्यातली एक संध्याकाळ ठरवा आणि ऑफिसचा रिलीज असला तरी ती मोडू नका. शहरातल्या जॅम नाइटना (कुणीही येऊन एकत्र वाजवायच्या रात्रींना) जा, पण स्वतःची दोन गाणी वाजवून निघून जाऊ नका. उरलेली रात्र दुसऱ्यांच्या मागे रिदम वाजवायला थांबा. पुढच्या वेळी बोलावणं येतं ते रिदमवाल्याला. आणि चौघांचा जम बसला की एखाद्या कॅफेवाल्याशी बोलून महिन्यातला एक ठरावीक वार मागा, पैसे थोडे मिळाले तरी चालतील. ठरावीक वाराला येणारी तीच ती माणसं हळूहळू आपली होतात, आणि त्यांच्यासमोर काय चालतं काय पडतं हे दर वेळी लगेच कळतं.

तुमचा सराव सोडा असं मी म्हणत नाही, तो हातात आहे म्हणूनच हे सगळं शक्य आहे. फक्त त्यातला अर्धा वेळ गाण्यामागे वाजवण्याला द्या. कुणी नसेल तर वर सांगितलेल्या दोन रेकॉर्ड लावा आणि बडीची नक्कल न करता त्याच्या जागी तुम्ही काय सोडून दिलं असतं ते वाजवून बघा.

वर्षअखेरीला एवढंच तपासा: तुम्ही न मागता किती जणांनी वाजवायला बोलावलं, आणि त्यातली किती कामं ऑफिसमुळे सोडावी लागली. सोडलेल्या कामांची यादी मोठी असेल तर नोकरीचा प्रश्न खरा झाला असं समजा. तेव्हाही आधी कमी दिवसांचं किंवा कंत्राटी काम मिळतंय का ते बघा, राजीनामा त्यानंतर. तोवर तुमच्या बँडचं एखादं रेकॉर्डिंग झालं तर पाठवा, साधं मोबाइलवरचं चालेल, फक्त त्यात गाणारं कुणी तरी असू द्या.